नादमणीचं वीजबिल

मे महिन्यात दुपारी बारा ते पाच नागपूरच्या इतवारीत, आमच्या घड्याळाच्या दुकानात गिऱ्हाईक नसतं. कूलर घरघरत असतो, मी डोळ्याला भिंग लावून कोणाचं तरी जुनं मशीन साफ करत असतो, आणि अमरावतीहून सुट्टीत आलेली भाची काउंटरच्या आतल्या स्टुलावर बसून वही काळी करत असते. यंदा गोष्ट लिहिणं चालू होतं. गोष्टीत एक स्फटिक. नाव नादमणी. वहीत त्याचा पूर्ण बायोडेटा : रंग निळसर, मिळतो मनसरच्या मँगनीजच्या खाणीत, खातो आवाज, देतो वीज. खाली लाल स्केचपेननं 'अतिदुर्मिळ', दोनदा अधोरेखित.

"मामा, असं राहू शकते का खरंच?"

"आहे ना. तुझ्या मनगटावर बांधलेलं आहे."

तिला वाटलं मी टर उडवून राहिलो. म्हणून भंगारातलं एक क्वार्ट्झ मशीन काढलं, त्यातली तांदळाच्या दाण्याहून जराशी मोठी पत्र्याची नळी चिमट्यानं उचलली आणि कटरनं बुड कापलं. आत जे असतं ते पाहायला भिंगच लागतं : काचेसारखा पारदर्शक, दोन पायांचा इटुकला चिमटा. बाबांनी मला तो पहिल्यांदा दाखवला तेव्हा मी आठवीत होतो आणि श्वास सोडला तसा तो काउंटरवरून उडूनही गेला होता. भाचीला आधीच तोंडावर हात ठेवायला सांगितलं.

हा चिमटा गारगोटीच्याच जातीचा. गारेला दाबलं, वाकवलं की तिच्या अंगावर वीज उमटते; उलट वीज दिली की ती थरथरते. पिएर आणि जाक क्युरी या दोन भावांनी दाबामुळे वीज उमटते हे १८८० साली दाखवून दिलं. घड्याळातला चिमटा सेकंदाला ३२,७६८ वेळा थरथरतो. आकडा विचित्र वाटतो, पण पंधरा वेळा निम्मा करत गेलं की बरोबर एक उरतो, आणि तोच सेकंदाचा ठोका. भाचीनं वहीत पंधराही वेळा निम्मा करून पाहिला. आपला कान वीस हजारापर्यंतच ऐकतो हे सांगितल्यावर ती मनगट कानाला लावून बसली. "म्हणजे हे सारखं गाऊन राह्यलं, फक्त आपल्याले ऐकू येत नाही?" मला तीस वर्षांत हे असं सुचलं नव्हतं.

(नागपूरकरांसाठी जाता जाता : हा चिमटा पंचवीस अंशाला खूश असतो. त्याच्या खाली किंवा वर गेलं की मंदावतो. खोली चोवीस तास पंचेचाळीस अंशांवर तापत राहिली तर घड्याळ दिवसाला सेकंदभर मागे पडतं. तेव्हा उन्हाळ्यात भिंतीवरचं घड्याळ महिन्याला अर्धा मिनिट मागे गेलं म्हणून आमच्याशी भांडायला येऊ नका.)

आता तिला जोर चढला. तान्ह्या पोळ्याला पिवळी आणि काळी मारबत, म्हणजे मोठाल्या पुतळ्यांची मिरवणूक, ढोल बडवत निघते तेव्हा आमच्या शोकेसच्या काचा थरथरतात, ते तिनं पाहिलंय. मग नादमणी मारबतीसमोर धरायचा आणि वर्षभर अख्ख्या नागपूरची वीज फुकट! मी डिप्लोमा अर्धवट सोडलेला माणूस, पण डेसिबलचा तक्ता अजून डोक्यात आहे. बिलबुकाच्या मागच्या पानावर हिशेब मांडला.

आपण साधं बोलतो ते साठ डेसिबल. एवढ्या आवाजातून एक चौरस मीटर जागेवर वॅटचा दहा लाखावा भाग पडतो. नऊ वॅटचा एक एलईडी पेटवायला नऊ चौरस किलोमीटरचा मणी लागेल. मारबतीचे ढोल एकशेदहा धरले तर तीच ऊर्जा लाखपट होते, तरी त्या एका दिव्यासाठी साडेनऊशे फुटांच्या फ्लॅटएवढा मणी हवा. म्हणजे आमच्या घरापेक्षा मोठा.

भाचीचं तोंड उतरलं. पण ती हार मानणारी नाही, आईवर गेली आहे. "मग तो साठवून ठेवते. खाणीत शंभर वर्षं सुरुंगच फुटून राहिले ना?"

ठीक. तळहाताएवढा मणी, दहा सेंटिमीटर बाय दहा. त्याच्यासमोर शंभर वर्षं, न थांबता, दिवसरात्र, एकशेदहा डेसिबलची मारबत. शंभर वर्षांचे सेकंद साधारण ३१५ कोटी. मिळाले साडेएकतीस लाख ज्यूल. विजेचं एक युनिट छत्तीस लाखांचं असतं. मी दोनदा ताळा करून पाहिला. शंभर वर्षं ढोल बडवून पूर्ण एक युनिटसुद्धा नाही! आमच्या दुकानातला कूलर एवढं दुपारभरात पिऊन टाकतो.

मी जिंकल्यासारखा पेन खाली ठेवला. ती जरा वेळ आकड्याकडे बघत राहिली.

"आणि मण्यानं हे सगळं एकाच सेकंदात सोडलं तर?"

तर साडेएकतीस लाख वॅट. एका सेकंदापुरते दोन हजार एसी. मी गप्प. कारण हेच तर घरातल्या गॅसच्या लायटरमध्ये होतं. अंगठा खटका हळूहळू दाबत जातो, आत स्प्रिंग दाबली जाते, ती सुटली की छोटा हातोडा स्फटिकावर खाडकन आपटतो आणि क्षणभर हजारो व्होल्टची ठिणगी. जोर तेवढाच, अंगठ्याचा. फक्त एकदम सुटलेला. मी मघापासून मण्यात किती मावतं तेच मोजत बसलो होतो. पोरीचा मणी जीवनदायी बिवनदायी नव्हताच, तो बंदुकीचा घोडा होता. तिनं लगेच गोष्टीतलं गाव वाचवणारं पान फाडलं आणि एका खलनायकाची सोय केली.

क्युरी भावांनी तपासलेल्या स्फटिकांत उसाची साखरही होती. हे मी तिला रात्री सांगितलं, नेमकी लाइट गेल्यावर. देवघरातली दोऱ्याची खडीसाखर आणि आईचा अडकित्ता घेऊन आम्ही मधल्या खोलीत दार लावून बसलो. डोळे अंधाराला सरावायला दहा मिनिटं द्यावी लागतात, त्या दहा मिनिटांत दोन डास मारले. मग खडा दाबला. कट्. काही नाही. दुसरा मोठा घेतला, आणि तुटताना फटीतून एक निळसर चमक सर्रकन गेली. आकाशातल्या विजेसारखंच, तुटलेल्या दोन बाजूंमधल्या हवेतून विजेची उडी.

"अजून! मामा, अजून!"

"काय फोडून राह्यले रे अंधारात?" बाहेरून आईचा आवाज. "परसादाची हाय ते!"

अर्धी वाटी संपेपर्यंत आम्ही थांबलो नाही. लाइट आल्यावर वही उघडली गेली. मला वाटलं होतं 'अतिदुर्मिळ' खोडलं जाईल. ते तसंच राहिलं. मनसरची खाणही राहिली. फक्त गुणधर्मांच्या यादीत शेवटी एक ओळ वाढली : चव – गोड.