रस्त्यावर माऊली, वहीत आडनाव

वारीतल्या दिवे घाटाचं मी काही लिहीत नाही, ते व्हिडिओ सगळ्यांनी बघितलेत. सासवड, जेजुरी, वाल्हे, नीरा स्नान, चांदोबाच्या लिंबाचं उभं रिंगण, सगळं झालं, घोड्याच्या टापांखालची माती कपाळाला लावून झाली, आणि आता कुठल्या मुक्कामाला काय जेवलो हे विचारलंत तर सांगता येणार नाही. मला लिहायचंय ते फलटण सोडल्यानंतरच्या एका दुपारबद्दल.

पण त्याआधी थोडं घरचं सांगायला लागेल. आम्ही मूळचे मंगळवेढ्याकडचे. म्हणजे संत चोखामेळ्याच्या, आमच्या चोखोबांच्या गावचे. 1338 साली तिथेच गावकुसाची भिंत कोसळून ते गेले आणि ज्या हाडांतून विठ्ठल विठ्ठल ऐकू येत होतं ती नामदेवांनी वेचून पंढरपुरात महाद्वारापाशी आणली, ही गोष्ट आमच्या घरात लहान पोरालाही पाठ. माझी पणजी वारी करायची. देवळात मात्र नाही, आमच्या माणसांना आत सोडतच नव्हते, चोखोबांच्या समाधीला डोकं टेकलं की वारी पोचली. दिंडीसुद्धा आमची पालखीपुढच्या घोड्याच्याही पुढे चालायची. पणजी अभिमानाने सांगायची म्हणे की आपण सगळ्यांच्या पुढे असायचो, आणि पुढे म्हणजे पालखीपासून लांब, हे तिला कळत नव्हतं असं अजिबात नाही, तिला चांगलं कळत होतं. मग 1947 च्या मे महिन्यात साने गुरुजी तनपुरे महाराजांच्या मठात दहा दिवस उपोषणाला बसले आणि देऊळ उघडलं. पणजी एकदा आत जाऊन आली. बाहेर येऊन म्हणाली, आत लई अंधार हाय, आपला चोखोबाच बरा. पुढे 1956 नंतर आजोबांनी बौद्ध धम्माची दीक्षा घेतली, घरातले देव गेले, पणजीने माळ काही काढली नाही, पदराखाली घालायला लागली एवढंच.

त्यामुळे मी वारीला जाते म्हटल्यावर घरात काय झालं असेल ते कळेल तुम्हाला. पप्पा म्हणाले, बाबासाहेबांनी ज्यातून बाहेर काढलं तिकडे तू परत पायी निघालीस? आत्या त्यांच्यावर तुटून पडली, बाबासाहेबांनीच 1948 साली अस्पृश्यांवरचं पुस्तक नंदनार, रविदास आणि चोखामेळ्याला अर्पण केलंय की नाही, आणि 1954 ला देहूरोडच्या विहारात मूर्ती बसवताना पंढरीचा विठोबा मुळात बुद्धच आहे म्हणाले होते की नाही. रात्री अकरापर्यंत चाललं हे. मी मधे पडले नाही. मी 6 डिसेंबरला चैत्यभूमीला जाते, घरात रोज पंचशील होतं, आणि मला पणजीची वाट चालायची होती. ह्यातलं एक धरलं की दुसरं सोडलंच पाहिजे असं मला वाटत नाही, आणि ते पटवून देत बसायला मला वेळही नव्हता, बॅग भरायची होती.

दिंडी ऑफिसमधल्या मैत्रिणीच्या गावची, माण तालुक्यातली. रस्त्यावर छान असतं. सगळे माऊली. पाणी देणारा माऊली, धक्का मारणारा माऊली, टँकरवाला माऊली, पाया पडायला गेलं की समोरचा आधी वाकतो. नाव नाही, गाव नाही. वही निघते ती तंबूत. भिशीचे, म्हणजे दिंडीतल्या जेवणाखाण्याचे, पैसे घ्यायला दिंडीचे काका वही घेऊन बसले, नाव सांगितलं, मग आडनाव सांगितलं, मग गाव, आणि काकांचं पेन जरासं थांबलं. म्हणजे तुम्ही... असं म्हणून त्यांनी वाक्य सोडून दिलं. काही वाईट बोलले नाहीत हो ते, उलट दुसऱ्या दिवसापासून भेटेल त्याला माझी ओळख करून द्यायला लागले, ह्या आमच्या ताई बरं का, आपल्या दिंडीत सगळे असतात, आपल्यात तसलं काही नाही. प्रत्येक विसाव्याला. चहाच्या टेंपोपाशी, राजगिऱ्याचे लाडू वाटणाऱ्या पोरांना, एकदा तर चक्क एका फौजदाराला. मला इतका राग यायचा, आणि राग आल्याबद्दल स्वतःचाच त्रास व्हायचा, कारण टाळ हातात आहे आणि तोंडात ज्ञानोबा माऊली तुकाराम आहे.

तर ती दुपार. बरडकडे जाताना. पाऊस गायब, आणि हा नवा पालखी मार्ग, चौपदरी, सपाट, गाड्यांना उत्तम, पण जुनी वडाची झाडं गेली त्यात आणि सावलीच नाही. रस्ता खालून भाजतो. माझ्या डाव्या टाचेला फोड आलेला, त्याच्याखाली अजून एक फोड, मी मोजे घालून, बोटांवर, तिरकी, कशीबशी चालत होते आणि दिंडी पुढे निघून गेली. वीणेकरी दिसेनासा झाला, मग पताका दिसेनाशी झाली. एका पुलाच्या कठड्याला टेकून मी बसले आणि रडले, अगदी हमसून रडले.

मागून आमच्याच दिंडीतल्या एक आजी आल्या, डोक्यावर तुळस. त्या माझ्याशी तोपर्यंत बोललेल्या नव्हत्या. तुळस उतरवली, माझ्यासमोर डांबराच्या कडेला फतकल मारली, कमरेची चंची सोडली, सुई काढली. मोजा काढ. काढला. त्यांनी माझा पाय उचलून सरळ आपल्या मांडीवर घेतला, नऊवारीवर, चिखल-घाण सगळ्यासकट. मी पाय ओढायला लागले तर घोट्याला घट्ट धरलं. सुईत पांढरा दोरा ओवला, फोडाच्या ह्या अंगाने घातली त्या अंगाने काढली, दोरा आतच ठेवून दोन्ही टोकं कापली, म्हणजे पाणी दोऱ्यावाटे निथळतं आणि कातडं शाबूत राहतं. मग दुसरा फोड. डोळ्यांना नीट दिसत नव्हतं त्यांना, पाय अगदी तोंडाजवळ नेऊन बघत होत्या.

आणि ते करता करताच विचारलं, "कुणाची गं तू? जात कोन?"

इतके दिवस कुणी असं सरळ विचारलं नव्हतं. मी सांगितलं. बौद्ध म्हणाले, मग त्यांना कळावं म्हणून आधीचंही म्हणाले.

हात थांबला नाही. जरा वेळाने म्हणाल्या, "आमच्या सासूबाय तुमच्या बायकांना वरनं पानी वतायच्या. वंजळीत. मीबी वतलंय." मग दोरा दातांनी तोडला. "पाय हलवू नगंस."

एवढंच. माफी नाही, आता तसं काही राहिलं नाही वगैरे नाही. हळद लावली, स्वतःच्या जुन्या लुगड्याची पट्टी फाडून बांधली. मग माझ्या खांद्याचा आधार घेऊन उठल्या, तुळस डोक्यावर घेतली, आणि बरड येईपर्यंत माझ्या चालीने चालल्या, मधे कितीतरी वेळ एक अक्षर न बोलता. मला त्या दुपारचं काय करायचं ते अजून नीट कळलेलं नाही. काकांच्या गोड बोलण्याने मी आक्रसत होते आणि ह्या बाईने वंजळीत पाणी ओतलेलं सांगितलं तरी तिच्याबरोबर मला मोकळं वाटत होतं. काका मला काहीतरी दाखवत होते. आजींनी जे होतं ते सांगितलं.

त्याच रात्री तंबूत बायकांनी अभंग धरला, चोखोबांचा जोहार. जोहार मायबाप जोहार, तुमच्या महाराचा मी महार. चाल इतकी गोड, सगळ्या डोलत होत्या, मृदंग चढत चाललेला, आणि माझा गळा बंद. पुढे उष्ट्याचं आहे त्यात. त्यांच्यासाठी तो भक्ताचा विनय आहे, आणि चोखोबांनी तो अभंगात घातला हे खरंच आहे, पण माझ्या पणजोबांनी पाटलाच्या दारात हा जोहार रोज घातलाय, भाकरीसाठी. मी टाळ खाली ठेवला नाही पण वाजवलाही नाही. आजी बाजूलाच होत्या. त्यांनी माझ्याकडे बघितलं आणि त्यांनीही म्हणायचं थांबवलं. बाकीच्या म्हणत राहिल्या.

माऊलींच्या तळावर समाज आरतीला चोपदार चोप वर करतात आणि एवढे लाखभर लोक गप्प होतात, फक्त ज्या दिंडीची तक्रार असेल तिचे टाळ वाजत राहतात आणि मग त्यांचं ऐकून घेतात. मला ही पद्धत फार आवडते. रोज आरतीला मी विचार करायची की माझी तक्रार नक्की काय म्हणून सांगणार. जेवण सगळ्यांबरोबर, एकाच पंगतीत. झोपणं एकाच ताडपत्रीवर. पाण्याचा पिंप एक. तरी.

नातेपुते, माळशिरस, वेळापूर, वाखरी. पंढरपूर.

दर्शनबारीत मी उभी राहिले नाही. महाद्वारात नामदेव पायरीसमोर चोखोबांच्या समाधीला गेले. एकादशीची गर्दी, पोलीस शिट्ट्या मारतायत, चला चला पुढं चला, लोक लांबूनच कळसाला हात जोडतायत आणि समाधीला घासून पुढे जातायत, मी कठड्याला घट्ट धरून उभी राहिले आणि हलले नाही. आजी आल्या होत्या सोबत. त्यांनी पणजीचं नाव विचारलं. मी सांगितलं, त्यांनी ते मोठ्याने घेतलं आणि समाधीवर तुळशीची पानं वाहिली, मग मला म्हणाल्या, आता तू टेक डोकं, मी हितं हाय, कोन ढकलत न्हाय तुला.

पप्पांना फोन केला तेव्हा त्यांनी आधी पायाचं विचारलं. मग म्हणाले, मला पटलेलं नाहीये हां अजून. मग म्हणाले, बांगड्यांच्या बोळात गर्दी असेल, मोबाईल सांभाळ.

परतीच्या ट्रकपाशी काका वही घेऊन बसलेच होते, पुढच्या वर्षीची नावं लिहायला. मी नाव, आडनाव, गाव सगळं पूर्ण सांगितलं आणि म्हटलं, काका, पुढच्या वर्षी कुणाला माझी ओळख करून द्यायची झाली तर मंगळवेढ्याच्या म्हणा, पणजीपासूनची वारी आहे घरात. काका म्हणाले, हो हो ताई, तसं कशाला मनात आणता. मी म्हटलं, मनात नाही आणत, लिहून घ्या. त्यांनी आडनावापुढे कंसात मंगळवेढा लिहिलं. मी बघून खात्री करून घेतली आणि मगच पैसे दिले.