चार माणसं, एक चकली आणि साडेतीन फूट जमीन : छोट्या कॅम्पर व्हॅनने पुणे ते गुहागर

आधीच सांगून टाकतो, ही ट्रिप आम्ही फिरायला कमी आणि गाडी तपासायला जास्त केली. गेली दोन वर्षं घरात एकच विषय चालू आहे, स्वतःची कॅम्पर व्हॅन (आत झोपायची, स्वयंपाकाची सोय असलेली गाडी) करून घ्यायची की नाही, आणि त्याचं कारण चकली. चकली म्हणजे आमची गावठी कुत्री, 22 किलो, शेपटी गोल वळलेली म्हणून लेकीने ठेवलेलं नाव. हॉटेलवाले फोनवर "डॉग चालेल सर" म्हणतात आणि पोचलो की "तेवढं बाहेर बांधा" म्हणतात, असं तीनदा झालंय, आणि बोर्डिंगला ठेवलं तर ही बाई दोन दिवस अन्नाला तोंड लावत नाही. शेवटी बायको म्हणाली, लाखो रुपये ओतायच्या आधी एकदा भाड्याने घेऊन बघ की कसं वाटतंय ते. म्हणून फेब्रुवारीच्या शेवटच्या आठवड्यात पाच दिवस चार रात्री निघालो, मी, बायको, दहा वर्षांची लेक, 68 वर्षांची आई (गुडघे दुखतात) आणि चकली.

गाडी फोर्स ट्रॅव्हलरच्या छोट्या बॉडीवर केलेली. आत मी ताठ उभा राहू शकतो (5 फूट 8). मागे आडवा बेड, मध्ये समोरासमोर सीट आणि टेबल, टेबल खाली पाडलं की दुसरा बेड, एका बाजूला सिंक, छोटा फ्रिज, इंडक्शन, आणि कोपऱ्यात कपाटाएवढं बाथरूम. जाहिरातीत "चार जणांची झोपायची सोय, पेट फ्रेंडली". भाडं दिवसाला साडेआठ हजार, डिपॉझिट पंधरा, वर कुत्र्याचे म्हणून दोन हजार साफसफाईचे. बुक करायच्या आधी दोन गोष्टी विचारा. एक म्हणजे आरसीवर मोटर कॅराव्हॅन (कॅम्पर व्हॅनचं कागदोपत्री नाव) अशी नोंद आहे का ते फोटो मागवून बघा, नाहीतर नाक्यावर मालवाहू गाडीत बेड का टाकलेत याची उत्तरं तुम्हाला द्यावी लागतील. दुसरं, ड्रायव्हर घ्यावाच लागतो का. बऱ्याच ठिकाणी लागतो, मग तो रात्री झोपणार कुठे हे कोणी सांगत नाही. आम्हाला स्वतः चालवायला मिळाली, साधं एलएमव्ही लायसन्स चाललं.

पहाटे साडेपाचला निघालो, मुळशी, ताम्हिणी, माणगाव, म्हसळा, हरिहरेश्वर, पावणेदोनशे किलोमीटरच्या आसपास. गाडी चालवायला सोपी आहे, आरशांची सवय व्हायला अर्धा तास लागतो बस्स. घाटात मात्र प्रत्येक वळणावर एकेक ड्रॉवर उघडायला लागला, चमचे खणखणतायत, डबे सरकतायत, शेवटी आईने पिशवीतून जुन्या साडीच्या पट्ट्या काढल्या आणि सगळे कप्पे गाठी मारून बांधले. त्या पट्ट्या तिने का आणल्या होत्या माहीत नाही, पण ट्रिप त्यांनी वाचवली. चकलीला निघताना अर्धी पोळी दिली ही माझी चूक, विळे गावाच्या आधी आईच्या सीटखाली ती पोळी परत आली. घाट असेल तर निघायच्या आधी चार तास काही देऊ नका, फक्त पाणी. आणि कुत्र्याला बांधायला गाडीत पक्का हुक आहे का बघा, आमच्या "पेट फ्रेंडली" गाडीत नव्हता, मी हार्नेस सीटच्या लोखंडी पायाला अडकवला. गळ्याच्या पट्ट्याला कधीच बांधू नका, जोरात ब्रेक लागला तर मान जाईल.

हरिहरेश्वरला एका घरगुती राहण्याच्या ठिकाणी अंगणात गाडी लावली. अंगण, बाथरूम आणि लाइट धरून 600 रुपये, जेवण वेगळं. तिथले काका दोनदा म्हणाले, "खोल्या रिकाम्या आहेत की, गाडीत कशाला झोपताय?" आता त्यांना काय सांगणार की आम्ही गाडीची परीक्षा घेतोय. कॅराव्हॅन पर्यटनाचं सरकारी धोरण 2021 मध्ये आलंय, पण आमच्या अख्ख्या रस्त्यात कॅराव्हॅन पार्क (अशा गाड्या लावून राहायची जागा) म्हणावं असं काही दिसलं नाही. खरा कॅराव्हॅन पार्क म्हणजे कोकणातलं अंगण, फोन करून आधी विचारायचं आणि गाडीची उंची सांगायची, कारण गडग्याच्या (दगडी कुंपणाच्या) गल्ल्या अरुंद, वर फणसाच्या फांद्या आणि लोंबत्या वायरी. एकदा तर बायकोने पुढे चालत काठीने वायर वर धरली तेव्हा गाडी आत घेतली.

लाइटबद्दल जरा सविस्तर लिहितो कारण सगळ्यात जास्त फसवणूक इथे होते. गाडीत 12 व्होल्ट 200 अँपियर-अवरची लिथियम बॅटरी होती, म्हणजे साधारण 2.4 युनिट. एक टनाचा एसी तासाला एक युनिटच्या आसपास खातो, म्हणजे बॅटरीवर दोन तास, रात्रभर अजिबात नाही. छतावरचं 300 वॅटचं सोलर दिवसभरात सव्वा-दीड युनिट देईल, ते पंखा, दिवे आणि फ्रिजला ठीक. एसी हवा तर घराचा 15 अँपियरचा सॉकेट लागतो आणि तो हमखास स्वयंपाकघरात किंवा पंपाजवळ असतो, म्हणून 20-25 मीटर वायर स्वतःची न्या, तीन कोअर, 2.5 चौरस मिमीची, अर्थिंगसकट. आणि वायरची गुंडाळी पूर्ण सोडून ठेवा, मी अर्धी गुंडाळलेली ठेवली होती, तासाभराने हात लावला तर चांगलीच गरम. संध्याकाळी व्होल्टेज पडतो तेव्हा एसी बंद-चालू होत राहतो, रात्री दहानंतर बरा चालतो.

आता रात्र. ज्यासाठी हा सगळा खटाटोप, ती ही रात्र. दोन्ही बेड उघडले, आई आणि लेक मागे, आम्ही दोघं टेबलवाल्या बेडवर, आणि मग लक्षात आलं की चकलीला जागाच नाही. मी टेप काढून मोजलं, उरलेली जमीन साडेतीन फूट बाय सव्वा फूट, त्यात चार जणांच्या चपला. म्हटलं आजची रात्र बाहेर गाडीखाली बांधतो, तर काका धावत आले, "बाहेर नको हो, बिबट्या येतो, मागच्या महिन्यात वाडीतलं कुत्रं नेलं." संपला विषय, आत घेतली. रात्री पावणेतीनला आईला बाथरूमला जायचं होतं. गाडीतलं बाथरूम इतकं अरुंद की आत बसलं की गुडघे दाराला टेकतात, आईला ते शक्यच नाही, म्हणून घरातल्या बाथरूमला जायचं. त्यासाठी आधी मी उठायचं, मग चकली माझ्या बेडवर, मग चपला शोधायच्या, मग सरकतं दार, ते असं खर्रर्र करून वाजलं की वाडीतली सगळी कुत्री भुंकायला लागली, त्यांना आमच्या बाईंनी आतून उत्तर दिलं, काकांनी घराचा दिवा लावला. लेक तेवढी झोपली होती.

म्हणून गाडी बघायला जाल तेव्हा बेड किती, गादी किती इंच, टीव्ही आहे का हे सोडा. सगळे बेड उघडायला लावा, सगळ्यांना आडवं व्हायला सांगा आणि मग जमीन किती उरली आणि त्या अवस्थेत दार उघडता येतं का एवढंच बघा. कुत्रं असेल तर निदान तीन फूट बाय दोन फूट सलग मोकळी जागा, गाडीतल्या चालायच्या वाटेच्या बाजूला.

दुसऱ्या दिवशी बागमांडला-वेसवी फेरी, सावित्रीची खाडी ओलांडली की रत्नागिरी जिल्हा. छोट्या गाडीचा खरा फायदा इथे, मोठी कॅराव्हॅन बस या रस्त्यांवर आणायची माझी तरी हिंमत नाही. ओहोटी होती, रॅम्पचा चढ तीव्र, आणि गाडीच्या मागच्या पोटाखाली सांडपाण्याच्या टाकीचा नळ लोंबत होता तो कॉंक्रीटला घासून तुटला. भाड्याच्या गाडीखाली एकदा वाकून बघा, सगळ्यात खालचं काय लोंबतंय, आणि जमलं तर भरतीच्या सुमारास फेरी घ्या. फेरीवर चढताना गॅस असेल तर बंद, कुत्रं गाडीतच, भोंगा वाजतो तेव्हा घाबरून उडी मारतात.

वेळासला मुद्दाम थांबलो. ऑलिव्ह रिडले कासवांची पिल्लं सोडतात ते फेब्रुवारी ते एप्रिल. चकलीला किनाऱ्यावर नेलंच नाही, कुत्री घरटी उकरतात, अंडी खातात, तुमचं कितीही गुणी असलं तरी तिथे न्यायचं नाही. आई आणि चकली अंगणात गाडीच्या सावलीला बसल्या, आम्ही सकाळी जाऊन अकरा पिल्लं समुद्रात जाताना पाहिली. इथे व्हॅनचं महत्त्व कळलं, कुत्र्याला अनोळखी ठिकाणी ठेवून जाताना तिची चादर, तिचा वास, तिची जागा सोबत असते. पण एकटं बंद गाडीत कधीच नाही, उन्हात दहा मिनिटांत आतलं तापमान आठ-दहा अंशांनी चढतं.

पुढे केळशी, आंजर्ले, हर्णै. हर्णैच्या मासळी लिलावात चकलीला नेऊ नका, नाहीतर माझ्यासारखे बांगड्याचे पैसे भराल. मुक्काम दापोलीजवळच्या मुरुडला, आणि तिथे आम्ही नियम बदलला. आई आणि लेकीला घरात एक खोली घेतली, पंखा, पक्कं बाथरूम, आणि आम्ही दोघं नि चकली व्हॅनमध्ये. टेबलवाला बेड पाडलाच नाही, सगळी जमीन मोकळी, चकली अंग पसरून उताणी. आई सकाळी चहा घेऊन अंगणात आली आणि म्हणाली, "आता मला तुमची गाडी आवडली." खोलीचे वर बाराशे गेले.

मुरुडच्या किनाऱ्यावर सकाळी साडेसहाला गेलो, तेव्हा वाळू थंड असते, दुपारी पंजे भाजतात. तरी पाच-सहा गावच्या कुत्र्यांनी घेरलंच, लांब दोरी ठेवा पण हातात ठेवा. खारं पाणी पिऊ देऊ नका, उलट्या जुलाब होतात, आणि घरी आल्यावर कानामागे, पायाच्या बोटांत गोचीड बघा, निघायच्या आधी व्हेटकडून गोचिडाची गोळी देऊन घ्या, रेबीजचं कार्ड सोबत. व्हॅन वाळूत घालू नका हो, एका गाडीला ट्रॅक्टर लावून काढताना आम्ही बघितलं, आणि भरती कोणासाठी थांबत नाही.

दाभोळ-धोपावे फेरीने वाशिष्ठी ओलांडून गुहागर. शेवटच्या रात्री लाइट गेली. खिडक्यांना जाळी होती, सरकत्या दाराला नव्हती, म्हणजे दार उघडं ठेवलं तर डास आणि बंद ठेवलं तर घाम. दाराची चुंबकवाली जाळी चारपाचशेला मिळते, घेऊन जा. पाण्याचं म्हणाल तर 80 लिटरची टाकी, नुसती भांडी, हातपाय आणि कुत्र्याचे पाय धुवायला दीड दिवस पुरली, आंघोळी आम्ही सगळ्या अंगणातच केल्या. टॉयलेटची कॅसेट (खालची काढता येणारी टाकी) रिकामी करायला मालकांना विचारून त्यांच्या संडासात, पण त्यात निळं केमिकल टाकलेलं असेल तर नको, सेप्टिक टँकमधले जिवाणू मरतात आणि पुढच्या वेळी तुम्हाला कोणी अंगण देणार नाही.

परत येताना चिपळूण, कुंभार्ली घाट, कराड, पुणे. एकूण 640 किलोमीटर, 66 लिटर डिझेल. गाडी परत देताना नळाचे पैसे कापले ते मान्य, पण गादीवर केस म्हणून आणखी दोन हजार कापले, साफसफाईचे आधी घेतलेले असताना. भांडलो, अर्धे परत आले. घेताना आणि देताना आतला व्हिडिओ काढाच, आणि सीटवर स्वतःच्या जुन्या चादरी टाका.

आता स्वतःची करायची का? करायची, पण चार बेडची नाही. परवा बायकोने पार्किंगमध्ये खडूने गाडीचा नकाशा काढला, खऱ्या मापात, बेड, ओटा, बाथरूम, दार. आई स्टूल घेऊन बघायला बसली. लेकीने चकलीला सोडलं, ती दोन फेऱ्या मारून बाथरूमच्या चौकोनात गोल वळून झोपली. बायकोने पायाने ती रेघ पुसून टाकली.