मेदूवडा, थालीपीठ आणि चार काड्या

दिवाळीच्या आधीची साफसफाई. टीव्हीच्या मागची जळमटं काढताना झाडूचा दांडा वायफायच्या डब्याला लागला आणि त्याच्या चार काड्यांपैकी एक बिजागरीतून मोडून लोंबायला लागली. मी इकडेतिकडे बघितलं. नवरा ऑफिसात, लेक कॉलेजात, सासूबाई स्वयंपाकघरात लसूण सोलत बसलेल्या. साक्षीदार कोणी नाही. आता संध्याकाळी बोंबाबोंब होणार म्हणून मी उत्तराची तयारी करून ठेवली. पण लेकीचा ऑनलाइन क्लास झाला, नवऱ्याची मीटिंग झाली, सासूबाईंचं मोबाइलवरचं कीर्तनही अखंड झालं. चौथ्या काडीवाचून घरात कोणाचं काही अडलं नाही.

मग मीच जरा चिडले. एवढी दिमाखात उभी असायची, ती करत काय होती? दुसऱ्या दिवशी ती वायरीपासून कापली आणि दुधीसारखी सोलून काढली. बाहेरून वीतभर लांब, काळी, ऐटबाज. आत बहुतेक पोकळी. सुतळीएवढी जाड वायर, तिच्या टोकाला पितळेची बारीक नळी, नळीतून पुढे डोकावणारी उघडी तार, आणि त्यापुढे नुसतंच प्लास्टिक. शिवणाच्या डब्यातली टेप आणून मोजलं. नळी आणि उघडी तार मिळून साडेपाच सेंटिमीटर. बाकी सगळा डामडौल.

साडेपाचच का, याला हिशेब आहे. रेडिओलहर प्रकाशाच्याच वेगाने धावते, सेकंदाला ३ लाख किलोमीटर. आपल्या वायफायचा जुना पट्टा २.४ गिगाहर्ट्‌झचा, म्हणजे तेवढ्या वेळात २४० कोटी हेलकावे. भागाकार केला की एका लहरीची लांबी येते साडेबारा सेंटिमीटर. अँटेनाची तार साधारण अर्ध्या लहरीएवढी असली की ती झोपाळ्यासारखी तालात हलते, थोड्या रेट्यात मोठा झोका घेते. अर्धी लहर म्हणजे सव्वासहा, आणि प्रत्यक्षात ती जराशी आखूड ठेवतात. दुसरा पट्टा ५ गिगाहर्ट्‌झचा. त्याची लहर सहा सेंटिमीटर, म्हणून त्याची तार तीनच्याही आत. तेव्हा चार काड्यांत मी मारली ती २.४वाली, एवढं शवविच्छेदनात नक्की झालं.

आमच्या लहानपणी अँटेना सोलायची गरज नव्हती, ती उघडीच असायची. मुंबई दूरदर्शन सुरू झालं २ ऑक्टोबर १९७२ला. गिरगावातल्या आमच्या खोलीत टीव्ही आला तो ८२च्या एशियाडच्या आगेमागे, तोही ब्लॅक अँड व्हाइट आणि हप्त्याने. चाळीच्या गच्चीवर ॲल्युमिनियमच्या आडव्या दांड्यांचे सांगाडे ओळीने उभे असत. कावळा बसला, पतंगाचा मांजा अडकला, वाऱ्याने खांब फिरला, की पडद्यावर मुंग्या. मग बाबा गच्चीवर, आई टीव्हीपुढे आणि मधे जिन्यावर मी.

“आलं का?” बाबा वरून.

“आलं का?” मी खाली.

“आलं, आलं! बस्स!” आई.

“आलं, बस्स!” मी वर. तोवर बाबांनी आणखी दोन बोटं फिरवलेलं असायचं आणि खालून आईचं “गेलं!” येत असायचं. तीन माणसांत चूक कोणाचीच नसायची, आणि बोलणी नेहमी मधलीने खायची.

त्या सांगाड्याला यागी-उदा अँटेना म्हणतात हे मला फार उशिरा कळलं. १९२६ साली जपानात शिंतारो उदा आणि हिदेत्सुगु यागी यांनी ती काढली. बरंचसं काम उदांचं, पण इंग्रजीत लेख यागींनी लिहिला, म्हणून जगभर नुसती ‘यागी’च झाली. ज्यांनी नोकरी केली आहे त्यांना यात नवल वाटणार नाही. तिची रचना मात्र सुरेख. मागे सगळ्यात लांब दांडी, ती लहरीला परत पुढे ढकलते. पुढच्या दांड्या आखूड होत जातात आणि लहरीला आत ओढून घेतात. आखूड बाजू वरळीच्या दूरदर्शनच्या टॉवरकडे करायची. गच्चीवरच्या सगळ्या अँटेना एकाच दिशेला तोंड करून उभ्या असत, देवळातल्या रांगेसारख्या.

घोटाळा इथेच झाला असं माझं मत आहे. अँटेना म्हटलं की ती कुठेतरी रोखायची, हे आमच्या पिढीच्या हाडात बसलं, आणि तेच आम्ही मुलांना दिलं. माझी लेक मागच्या बेडरूममध्ये अभ्यासाला बसते. तिथे रेंज आली नाही की ती हॉलमध्ये येऊन डब्याच्या चारी काड्या आपल्या खोलीच्या दिशेने वाकवायची. किल्ल्यावरच्या तोफाच. तिचा बाप त्या परत आपल्या टेबलाकडे वळवायचा. काडीच्या टोकातून नळाच्या धारेसारखं नेट निघतं अशी दोघांचीही श्रद्धा.

वास्तविक टोकातून जवळजवळ काहीच निघत नाही.

“मेदूवडा आठव,” मी लेकीला म्हटलं. “त्याच्या भोकात ही काडी खोचलीय असं समज. रेंज असते ती वड्यात. काडीच्या चहूबाजूंनी, आडवी पसरलेली. तू टोक खोलीकडे केलंस की खोलीच्या वाट्याला वड्याचं भोक येतं.”

“आणि इतके दिवस मी स्वतःच्या हाताने भोक माझ्याकडे वळवत होते?”

“मग काय!”

डब्याच्या खोक्यावर मोठ्या अक्षरांत ‘५ डीबीआय’ छापलेलं असतं. ते वाचून जास्त ताकदीचा डबा आणल्याचं समाधान नवऱ्याला मिळालं होतं. त्याचीही उकल स्वयंपाकघरातच होते. डीबी म्हणजे डेसिबल, तुलनेचं माप, आणि शेवटचा ‘आय’ हा आयसोट्रॉपिकचा, सगळ्या दिशांना सारखं पसरणाऱ्या एका काल्पनिक अँटेनाचा. तो बुंदीचा लाडू, चहूकडून गोल. असा लाडू प्रत्यक्षात कोणालाच वळता आलेला नाही, तो फक्त तुलनेसाठी. साध्या अर्ध्या लहरीच्या काडीचा होतो मेदूवडा, तो २ डीबीआयच्या जरासा वर. आणि आकडा जसजसा वाढतो तसतसं कोणीतरी तो वडा वरून थापत जातं. त्याचं थालीपीठ होतं. भोक कायम, पसारा मोठा, जाडी कमी. पीठ तेवढंच! ५ डीबीआय म्हणजे आडव्या दिशेत लाडवाच्या साधारण तिप्पट, पण ती वाढ वरच्या आणि खालच्या मजल्याच्या तोंडचा घास काढून. एका मजल्यावरच्या फ्लॅटला थालीपीठ सोयीचं. दुमजली बंगल्यात राहणाऱ्यांनी वडा बरा म्हणावं, पण मुंबईत अशांना सल्ला द्यायची वेळ माझ्यावर येत नाही.

मग चारही काड्या सरळ उभ्या ठेवायच्या का? तेही पूर्ण खरं नाही. उभ्या काडीतून निघालेली लहर उभी डोलते, आडवीतून आडवी. खिडकीच्या उभ्या गजांतून पोळपाट-लाटण्यातलं लाटणं उभं धरलं तर बाहेर जातं, आडवं धरलं तर अडतं, तसं काहीसं. गच्चीवरच्या दांड्या आडव्या असायच्या त्या याचसाठी, वरळीची लहरच आडवी होती. आता मोबाइल आपण कधी उभा धरतो, कधी लोळत आडवा. म्हणून एकदोन काड्या उभ्या, एखादी आडवी, अशी मिसळ चांगली. भिंतींवर आपटून लहरी तशाही वेड्यावाकड्या होतात, त्यामुळे फार काटेकोर राहू नये.

खरा फरक वेगळाच आहे आणि तो मला काडी सोलल्यावर उमगला. गच्चीवरची अँटेना ऐकणारी होती. बोलणारा टॉवर लांब वरळीला. आता बोलणारा टॉवरच आमच्या हॉलमध्ये येऊन उभा राहिलाय. आजोबांना नुसता रेडिओ ऐकायला पोस्टातून लायसन्स काढावं लागायचं, आणि आज आम्ही मुलुंडच्या टू बीएचकेमधून रात्रंदिवस प्रक्षेपण करतो, कोणाला न विचारता. ताकद अर्थात वॉटच्या दहाव्या हिश्श्याच्या आसपास. देवापुढचा जुना झीरोचा बल्ब १५ वॉटचा असायचा, त्याच्या शंभराव्या भागाहूनही कमी. पण टॉवर तो टॉवर. आणि टॉवर कोणी टीव्हीच्या मागे, कोपऱ्यात, जमिनीपासून दोन फुटांवर बांधतं का?

आम्ही बांधला होता. कारण फायबरची वायर समोरच्या बिल्डिंगच्या गच्चीवरून आमच्या गच्चीवर, तिथून लोंबत एसीच्या भोकातून हॉलमध्ये आली आणि तिथेच संपली. नेटवाल्या मुलाने भिंतीला दोन स्क्रू मारले आणि तो पुढच्या घरी गेला. ती भिंत शेजारच्यांच्या आणि आमच्या मधली. म्हणजे आमचं अर्धं थालीपीठ रोज शेजारी वाढलं जात होतं.

उरलेल्या अर्ध्याची वाट बघा. आधी टीव्हीची पत्र्याची पाठ. मग आरसीसीचा खांब, आत सळ्या. मग बाथरूम, त्यात पालिकेचं पाणी सकाळी भरून ठेवायचा निळा ड्रम. २.४ची लहर पाण्यात विरते, तेव्हा ड्रम भरलेला की रिकामा यावर लेकीचं नेट हलायचं असा माझा संशय आहे. (दोनशे लिटरचा ड्रम हलवून प्रयोग करायला घरात कोणी तयार झालं नाही.) मग लोखंडी कपाट, त्याला पुरुषभर उंचीचा आरसा. आरशामागे धातूचाच मुलामा, तिथे लहरही तोंड बघून परत फिरते. ५ गिगाहर्ट्‌झवर नेट वेगवान खरं, पण ही लहर भिंतींपुढे आणखी नाजूक. ती खांबापाशीच दम टाकायची. माणसंही पाण्याचीच. गणपतीत पंचवीस पाहुणे हॉलमध्ये बसले की आत काहीच पोचायचं नाही, त्यात प्रसादाआधी पासवर्ड मागणारे भाचे वेगळे.

आणि मायक्रोवेव्ह. रात्री नऊला नवऱ्याची परदेशातल्या लोकांशी मीटिंग असते आणि नेमकी तेव्हाच सासूबाई आमटी गरम करतात. मायक्रोवेव्ह चालतो २.४५ गिगाहर्ट्‌झवर, म्हणजे वायफायच्या पट्ट्यात बसूनच. दाराच्या फटीतून त्याची किंचित झिरप होते. आपल्याला ती जाणवत नाही, वायफायला मात्र कानाशी ढोल वाजल्यासारखी. त्या पट्ट्यात एकमेकांना न अडणारे चॅनल तीनच, १, ६ आणि ११, आणि आमच्या हॉलमधून दिसणारी नेटवर्क चाळीसेक. सकाळची कल्याण लोकलच. त्यात ही आमटी. नवऱ्याला ५वर बसवलं, तो त्रास मिटला. तो टेबलाशी बसतो, डब्यासमोर, मधे भिंत नाही.

लेकीसाठी रिपीटर घ्यावा असं दिराने सुचवलं. तोही आणला. भिंतीतल्या प्लगमध्ये खोचायचा, तो डब्याचं ऐकून पुढे ओरडतो. रेंजचे दांडे एकदम पूर्ण दिसायला लागले आणि नेट होतं त्याहून मंद झालं. लेक हैराण. मला मात्र जिन्यावरची मी आठवले. एकाच चॅनलवर काम करणाऱ्या स्वस्त रिपीटरला ऐकताना बोलता येत नाही आणि बोलताना ऐकता येत नाही. प्रत्येक वाक्य दोनदा होतं, म्हणून वेग निम्म्यावर. त्याच्यावर मी तरी रागावले नाही. गुपचूप खोक्यात भरून परत केला.

शेवटी नेटवाल्या मुलालाच बोलावलं. म्हटलं, डबा पॅसेजमधल्या माळ्याच्या कडेला, उंचावर, घराच्या मधोमध लावून दे. तो म्हणाला, “मॅडम, पंधरा मीटरची पॅच कॉर्ड लागेल आणि केसिंग-पट्टी मारावी लागेल, भिंत खराब दिसेल.” मी म्हटलं, “दिसू दे.” नवऱ्याला ते पटलं नाही, सासूबाईंना तर मुळीच, नुकताच रंग काढला होता. तासाभरात काम झालं. मुलाने जाताना डब्याकडे बघितलं.

“एक अँटेना कमी आहे.”

“असू दे,” मी घाईने म्हटलं.

मागच्या खोलीत आता खांबाला वळसा घालून सरळ दारातून रेंज जाते. लेक खूश. दोन दिवसांनी शेजारच्या काकू कढीपत्ता मागायला आल्या आणि दारातच रेंगाळल्या.

“अगं, तुमचं नेट बंद आहे का? परवापासून आमच्याकडे नुसतं गोल फिरतंय.”

लॉकडाउनमध्ये त्यांच्या नातवाच्या शाळेसाठी पासवर्ड दिला होता. नातू आता इंजिनिअरिंगला आहे. मी कढीपत्ता जरा जास्तच दिला.

सोललेल्या काडीतली वायर फेकायला निघाले, तर सासूबाईंनी ती हातातून घेतली. वाकवून बघितली, पितळेचं टोक अंगठ्याने चाचपलं आणि परकराच्या नेफ्यात सरकवून दाखवली. नाडी ओवायला तिच्यासारखं दुसरं काही नाही, म्हणतात.