फेकणाऱ्या हातांचा मास्तर

शाळेत मी भाला फेकायचे, तोही डाव्या हाताने. भाला कुठे पडला याकडे आपले पीटीचे सर ढुंकूनही बघत नसत. "पुढचा पाय बघ, हात येतो मागून," एवढंच म्हणायचे. पुढे फिजिओथेरपिस्ट झाले, कॅलिफोर्नियात आले, बेसबॉल पिचरांचे, म्हणजे चेंडू फेकणाऱ्यांचे, दुखरे खांदे हाताखालून जाऊ लागले. तिथे टॉम हाउस हे नाव सारखं कानावर यायचं.

हाउसही डावखुरा. १९७१ ते १९७८ मेजर लीगमध्ये, म्हणजे अमेरिकेतल्या सर्वात वरच्या बेसबॉल स्पर्धेत, पिचर, पण बेताचाच. २९ विजय, २३ पराभव. फलंदाज हँक एरनने ८ एप्रिल १९७४ला ७१५वा होमरन (थेट सीमेपलीकडे जाणारा फटका) मारून बेब रूथचा सर्वाधिक होमरनचा विक्रम मोडला, तेव्हा राखीव पिचरांच्या कोपऱ्यात तो चेंडू झेलला हाउसने. बहुतेकांना तो माहीत आहे तेवढ्यापुरताच!

खरं काम कोच झाल्यावरचं. १९८५पासून टेक्सस रेंजर्स या संघात तो पिचरांना चक्क अमेरिकन फुटबॉल फेकायला लावायचा. लोक हसले. पण तो लांबट चेंडू हात जरा चुकला की हवेत डगमगतो. चूक फेकणाऱ्याला स्वतःलाच दिसते. तिथला पिचर नोलन रायनने मात्र ते मनावर घेतलं. चाळिशी उलटल्यावर, १९९० आणि १९९१मध्ये, प्रतिस्पर्ध्याला एकही हिट, म्हणजे यशस्वी फटका, न देता त्याने दोन सामने जिंकून दिले. श्रेय अर्थात रायनच्या मेहनतीचंही.

मला पटतं ते हाउसचं दुसरं म्हणणं. वेग देणाऱ्या स्नायूंचं कौतुक सगळे करतात; चेंडू सुटल्यावर हाताला आवरतात ते खांद्यामागचे स्नायू. ते कमजोर राहिले तर ब्रेक कच्चे असलेली गाडी घाटात पळवावी तसं होतं मग. खेळाडू असताना स्टिरॉइड घेतल्याचं त्याने पुढे उघड कबूल केलं, म्हणून त्याला देव्हाऱ्यात बसवायची गरज नाही.

२००८मध्ये भारतात वेगवान हात शोधणारी स्पर्धा झाली. त्यातून निवडलेले रिंकू सिंग आणि दिनेश पटेल हाउसकडेच शिकले. दोघे उत्तर प्रदेशातले, भालाफेकपटू, बेसबॉल न खेळलेले. त्याच नोव्हेंबरात पिट्सबर्ग पायरेट्स या बेसबॉल संघाने त्यांना करारबद्ध केलं. मेजर लीग दोघांनाही गाठता आली नाही. पण भाल्यावरून काही महिन्यांत व्यावसायिक पिचर होणं, हे मला तरी थोडं वाटत नाही.

आपल्या शाळेचा मुलींचा सॉफ्टबॉल संघ यंदा जिल्ह्यावर खेळतोय असं कळलं. डिसेंबरात येतेय. बाईंची परवानगी असेल तर सगळ्यांचे खांदे तपासून देईन. सकाळची वेळ ठेवा, दुपारी मैदान तापतं.

(माजी विद्यार्थिनी, दहावी १९९४)