विन्स कोलमन घ्यायचा नाही

आमच्या शेजारच्या काकांच्या तळघरात बेसबॉलचा एक जुना व्हिडिओ गेम खेळतात, आणि तिथे एक नियम आहे: सेंट लुईसची टीम कोणीही घ्यायची नाही. कारण विन्स कोलमन. हा गडी एकदा पहिल्या बेसवर पोचला की दुसरा आणि तिसरा बेस त्याच्या बापाचाच. कॅचरने कितीही चपळाईने चेंडू फेकू दे, कोलमन आधीच तिथे उभा. खऱ्या मैदानावरही तो असाच होता म्हणे. १९८५, ८६ आणि ८७ अशी ओळीने तीन वर्षं त्याने दरवर्षी शंभराहून जास्त बेस चोरले, म्हणजे चेंडू मारला गेला नसतानाच पळून पुढचा बेस गाठला. पण मैदानावर निदान कधीतरी तो सापडायचा तरी!

गेमचं नाव 'आर.बी.आय. बेसबॉल'. काका निवृत्त पोस्टमन, जन्मापासून मॅसॅच्युसेट्सचे, म्हणजे बॉस्टनच्या रेड सॉक्स संघाचे चाहते. माझा लेक शनिवारी त्यांच्याकडे पडीक असतो, आणि त्याला जेवायला बोलवायला गेलेली मीही तिथेच बसते. आमचे हे मग फोन करून विचारतात, कुकर किती शिट्ट्यांवर बंद करू.

मूळ गेम जपानी. नामको कंपनीत योशिहिरो किशिमोतो यांनी केलेला 'प्रो याक्यू फॅमिली स्टेडियम' डिसेंबर १९८६ मध्ये तिकडे आला आणि लाडाने 'फॅमिस्टा' झाला. १९८८ मध्ये अटारी गेम्सच्या टेंगेन या शाखेने तो अमेरिकेत आणला. खेळाडूंच्या संघटनेची परवानगी मिळवली, पण संघ चालवणाऱ्या मेजर लीगची नाही. त्यामुळे पडद्यावर रॉजर क्लेमेन्स आहे, नोलन रायन आहे, असे खरे पिचर आहेत, पण 'रेड सॉक्स' हे नाव कुठेच नाही, नुसतं 'बॉस्टन'. आठ शहरं आणि दोन ऑल-स्टार संघ. ती आठ म्हणजे १९८६ आणि ८७ या दोन वर्षांत प्लेऑफला, म्हणजे सीझनअखेरच्या बाद फेरीला पोचलेले संघ. काकांना हे सांगावं लागत नाही, त्यांना ती दोन वर्षं तोंडपाठ आहेत.

काकांची कॅसेट काळी आहे. राखाडी असती तर ती निन्टेन्डोच्या, म्हणजे ज्यांच्या कन्सोलवर हा गेम चालतो त्यांच्या, परवान्याची. सुरुवातीला टेंगेनने परवाना घेऊनच तीन गेम काढले, त्यातला हा एक. पण निन्टेन्डोच्या अटी जाचक: वर्षाला पाचच गेम, आणि कॅसेटी आमच्याकडूनच बनवून घ्या. कन्सोलमध्ये विनापरवाना कॅसेट चालू न देणारं एक कुलूप होतं, टेंगेनने मग त्याची चावी स्वतःच पाडली. त्यासाठी कुलपाच्या प्रोग्रॅमची प्रत थेट अमेरिकेच्या कॉपीराइट कार्यालयातून मिळवली, खटल्यासाठी हवीय असं सांगून! खटला तेव्हा उभाच नव्हता. पुढे उभा राहिला, आणि १९९२ मध्ये कोर्टाने टेंगेनला चांगलंच झापलं.

आता खेळ. सगळे खेळाडू बुटके, गोलमटोल, दिवाळीत जरा जास्तच झाल्यासारखे. बॅट्समनच्या मागून दिसतं. पिचर चेंडू टाकतो, आणि खरी गंमत इथून पुढे आहे: चेंडू हातातून सुटल्यावरही टाकणाऱ्याने बटण डावीकडे दाबून धरलं तर चेंडू हवेतच डावीकडे वळतो. सोडलं की सरळ. म्हणजे बॅट फिरवायच्या क्षणापर्यंत समोरचा माणूस तुम्हाला फसवू शकतो. तुम्हीही क्रीजमध्ये, म्हणजे त्यांच्या त्या चौकोनात, पुढेमागे सरकू शकता. शेजारी बसलेल्या माणसाच्या अंगठ्याकडे चोरून बघणं हा इथे अर्धा खेळ आहे, म्हणून काका कंट्रोलर उशीखाली धरतात. पिचर दमतो, आणि दमला की त्याच्या चेंडूचा वेग उतरलेला डोळ्यांना दिसतो. बदलायचा की आणखी एक इनिंग रेटायचा, यावर लेकाने कितीतरी मॅच घालवल्यात. दहा रनांची आघाडी झाली की खेळ तिथेच संपतो. अपमान लवकर उरकतो ही मला सोय वाटते.

फील्डिंग मात्र भयंकर. बटण एक दाबा, फील्डर सगळे एकदम पळतात, त्याच दिशेला.

तरी मी तक्रार करत नाही, कारण मी याहून वाईट पाहिलंय. नव्वदच्या दशकात इचलकरंजीला आमच्या घरी जो टीव्हीला जोडायचा डबा होता, त्याच्या कॅसेटमध्ये मारिओ आणि काँट्राच्या खाली कुठेतरी 'बेसबॉल' असायचा. तो निन्टेन्डोचा १९८३ चा. त्यात फील्डर तुमच्या हातातच नसतात. ते आपणहून पळतात, आणि पळतात कसले, मंगळागौरीनंतर घरी निघालेल्या आत्यांसारखे रमतगमत. सहा संघ, फरक फक्त कपड्यांच्या रंगाचा. हाच गेम पुढे निन्टेन्डोने नव्या कन्सोलवर पुन्हा विकायला काढला तेव्हा समीक्षकांनी नेमक्या याच गोष्टींवर त्याला सोलून काढलं. बरोबरच आहे. पण जपानात त्याच्या २३ लाखांहून जास्त कॅसेटी खपल्या होत्या. 'फॅमिस्टा' येईपर्यंत लोकांना यापेक्षा काही मागता येतं हेच माहीत नव्हतं.

जुन्या बेसबॉल गेमच्या क्रमवाऱ्या वाचायचा मला नाद लागलाय. त्यात एसएनकेचा १९८९ चा 'बेसबॉल स्टार्स' बहुतेक वेळा 'आर.बी.आय.'च्या वर असतो. का, ते कळतं. त्यात स्वतःचा संघ बांधता येतो, पैसे कमावून खेळाडू सुधारता येतात, अख्खा सीझन कॅसेटमधल्या बॅटरीवर साठून राहतो. बायकांचा संघसुद्धा आहे, नाव 'लव्हली लेडीज'. (नाव ठेवणारा पुरुषच असणार.) जॅलेकोच्या 'बेसेस लोडेड'चं कौतुक पिचरच्या पाठीमागून दिसणाऱ्या टीव्हीसारख्या दृश्यासाठी होतं. त्यातले संघ आणि खेळाडू सगळे मनचे. न्यू जर्सीचा पेस्ट नावाचा राक्षस तर साठ होमरन मारून बसलेला.

कागदावर तुलना केली तर 'आर.बी.आय.' हरणारच. सीझन नाही, संघ बांधणं नाही, फील्डिंग तर सांगितलीच. पण परीक्षण लिहिणारा माणूस बहुधा एकटा बसून काय काय आहे ते मोजतो. हा गेम एकट्याने खेळला तर मलाही तासाभरात कंटाळा येतो. दोघं बसले की अर्ध्या तासात मॅच, आणि पुढची मॅच भांडणातून आपोआप ठरते. या गेमचं नाव टिकलं ते मासिकांमुळे नाही, दोन कंट्रोलर असलेल्या तळघरांमुळे, असं माझं मत आहे.

आणि टिकलं त्या खऱ्या नावांमुळे. बॉस्टनच्या संघात बिल बकनर आहे. २५ ऑक्टोबर १९८६, वर्ल्ड सिरीजचा, म्हणजे विजेतेपदाच्या अंतिम मालिकेचा, सहावा सामना, न्यूयॉर्कचं शेय स्टेडियम. दहाव्या इनिंगमध्ये बॉस्टन ५-३ ने पुढे, न्यूयॉर्कचे दोन आऊट, बेसवर कोणी नाही. १९१८ नंतरचं पहिलं विजेतेपद एका आऊटवर आलेलं. मग ओळीने तीन हिट, एक वाइल्ड पिच (पिचरचा कॅचरलाही न सापडलेला भरकटलेला चेंडू), आणि मूकी विल्सनचा साधा सरपटी चेंडू बकनरच्या पायांमधून मागे. सामना गेला, पाठोपाठ सातवाही गेला. यूट्यूब नवीन असताना एका पठ्ठ्याने ही अख्खी इनिंग या गेममध्ये जशीच्या तशी खेळून दाखवली, वर मूळ प्रक्षेपणातलं विन स्कली यांचं समालोचन जोडून. गोलमटोल बकनर, आणि शेजारून जाणारा तो चेंडू. मी ते काकांना हौसेने दाखवायला गेले. त्यांनी अर्ध्यात लॅपटॉप मिटला.

२०१४ मध्ये खुद्द मेजर लीगने हे नाव पुन्हा बाजारात आणलं, यावेळी लीगचा परवाना, लोगो, सगळं साग्रसंगीत. समीक्षकांनी ते धुतलं. दरवर्षी नवा अंक काढत २०२१ पर्यंत रेटलं आणि मग बंद केलं. दरम्यान हौशी मंडळी जुन्या गेमच्याच फाइलमध्ये दर सीझनला नवे संघ, नवे आकडे भरत राहिली. लेकाने त्यातलंच एक उतरवून घेतलंय. त्यात आजचा तारा शोहेई ओहतानीही तसाच बुटका आणि ढेरपोट्या. काकांना हे बिलकूल मान्य नाही, त्या माणसांचा गेम त्या माणसांनीच खेळावा म्हणतात. लेक म्हणतो, मग कोलमन घेऊ द्या.