उपशापासून सुकवणीपर्यंत : आमची वाटचाल

आमचा धंदा सुरू झाला तो पाणी नव्हतं म्हणून. विहिरींचा गाळ काढायचा, इंजिन आणि मोटारी भाड्याने द्यायच्या, बोअरमध्ये अडकलेली मोटार ओढून काढायची, ही कामं. २०१६ च्या एप्रिलमध्ये लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावं लागलं, तेव्हा आमचा एकही पंप गोडाऊनमध्ये नव्हता, सगळे विहिरींच्या तळाशी. त्याच पंपांना पुढे घरांतून बोलावणी येऊ लागली. पूर येऊ लागले: २०२४ च्या सप्टेंबरच्या सुरुवातीला नांदेड, परभणी, हिंगोली, २०२५ च्या ऑगस्टमध्ये मुखेड तालुका आणि पुढच्याच महिन्यात सीना, मांजरा, तेरणा, गोदावरी पात्राबाहेर. आता पावसाळ्यात आमचं निम्म्याहून जास्त काम घरातलं पाणी काढणं आणि घर सुकवणं हेच असतं.

आमच्याकडे पाणी दोन तऱ्हांनी घरात शिरतं आणि दोन्हींचं काम वेगळं आहे. ओढ्याचं किंवा नाल्याचं पाणी रात्रीतून येतं, दुपारपर्यंत ओसरतं, पण गटार आणि संडासाची टाकी सोबत घेऊन येतं. गोदावरीचं तसं नाही. विष्णुपुरी धरणाचे दरवाजे उघडले की नांदेडच्या नावघाटाकडे पाणी सावकाश चढतं आणि खालच्या अंगाला तेलंगणातल्या पोचमपाड धरणाचा फुगवटा असला की उतरायलाही वेळ लावतं. अशा वेळी फोन येतो, ‘भाऊ, पंप घेऊन लगेच या.’ आम्ही नाही म्हणतो. बाहेरचं पाणी उंबऱ्याच्या खाली गेल्याशिवाय आतलं उपसणं म्हणजे डिझेल जाळणं. जेवढं काढाल तेवढं दाराखालून आणि फरशीच्या सांध्यांतून परत येतं.

घरात पाय टाकण्याआधी वीज बघायची. मेन स्विच बंद केला की झालं असं लोकांना वाटतं, पण इन्व्हर्टरची बॅटरी चालूच असते, आणि छतावर सोलर असेल तर दिवसा पॅनेलच्या वायरमध्ये करंट असतोच. मेनपर्यंत पाण्यातून जावं लागत असेल तर महावितरणच्या माणसाकडून खांबावरून लाईन तोडून घेतो, त्याशिवाय आत जात नाही. गमबूट आणि जाड हातमोजे सक्तीचे. गादीखाली, कपाटामागे, चपलांच्या स्टँडमध्ये विंचू निघतात. घोणस आणि मण्यारही कोरडी जागा शोधत घरात आलेली असते. हात घालण्याआधी काठीने हलवायचं. काहीही हलवण्याआधी पाण्याची रेघ दिसेल असे भिंतींचे फोटो प्रत्येक खोलीतून काढायचे. पंचनाम्याला आणि विम्याच्या सर्व्हेअरला तेच लागतात. खराब सामानही ते बघून जाईपर्यंत फेकायचं नाही, अंगणात ताडपत्रीखाली ठेवायचं.

उपशाचा हिशोब सोपा आहे. १,००० चौरस फुटांच्या घरात दोन फूट पाणी म्हणजे साधारण ५६ हजार लिटर. दोन इंची पेट्रोल पंपावर मिनिटाला ५०० लिटर लिहिलेलं असतं, पण उंची, पाईपची लांबी आणि गढूळ पाणी धरलं तर निम्मंच हाती येतं. म्हणजे एका पंपाला साडेतीन-चार तास. सगळ्यात जास्त वेळ जातो तो फुटव्हॉल्व्ह, म्हणजे पाणी ओढणाऱ्या पाईपच्या तोंडाची जाळीदार झडप, चोंदण्यात. कॅरिबॅगा, कडबा, देव्हाऱ्यातल्या वाती, कापूस, सगळं तिथेच येऊन बसतं. आम्ही टोमॅटोचं प्लॅस्टिक कॅरेट घेतो, त्यात फुटव्हॉल्व्ह ठेवतो आणि वरून दुसरं कॅरेट पालथं घालून तारेने बांधतो. जाळी चोंदली तरी चार बाजूंनी पाणी येत राहतं. पाणी संपत आलं की पंपाचा आवाज बदलतो, खडखड सुरू होते. तेव्हा दोन मिनिटं जरी कोरडा चालला तरी सील जळतं. म्हणून शेवटच्या चार बोटांना माणूस पंपापाशी उभाच पाहिजे. इंजिनचा पंप आणि जनरेटर कायम घराबाहेर, खिडकीपासून लांब. तळघरात इंजिन उतरवणं म्हणजे जिवाशी खेळ. त्या धुराला वास येतोच असं नाही.

तळघराबद्दल थोडं जास्त सांगतो, कारण इथे घाई केली की भिंत जाते. बाजारपेठेत दुकानांखाली गोडाऊन असतं आणि मालकाला माल वाचवायचा असतो, त्यामुळे तो म्हणतो तीन पंप लावा. बाहेरची काळी माती त्या वेळी पाणी पिऊन फुगलेली असते. आतलं पाणी बाहेरच्या दाबाला तोलून धरत असतं. सहा फूट उंच पाण्याचा दाब भिंतीच्या दर मीटर लांबीमागे दीड टनाच्या पुढे जातो, चिंब मातीचा रेटा त्यावर वेगळा. आतलं पाणी एका दमात काढलं तर विटांची भिंत आत येते, किंवा तळाची फरशी मधोमध उचलली जाते. म्हणून दिवसाला दोन-अडीच फूटच काढायचं, भिंतीवर खडूने रेघ मारायची आणि रात्रभर थांबायचं. सकाळी पाणी रेघेच्या वर आलेलं असेल तर बाहेर अजून पाणी आहे, त्या दिवशी पंप बंद. अंगणातल्या जमिनीखालच्या प्लॅस्टिकच्या टाकीलाही हेच लागू. भोवतीची जमीन ओली असताना ती रिकामी केली तर होडीसारखी वर येते.

उपसा आणि गाळ ही दोन वेगळी कामं नाहीत, हे आम्हाला उशिरा उमगलं. आधी सगळं पाणी काढायचो आणि गाळ दुसऱ्या दिवशी. काळी माती एकदा उन्हात आवळली की तिला भेगा पडतात आणि ती फरशीला घट्ट धरते. मग फावड्याने ओरबाडताना टाइल्सही जातात. आता शेवटचं वीतभर पाणी मुद्दाम ठेवतो. खराट्याने आणि लाकडी फळीने गाळ त्यातच ढवळायचा आणि मड पंपाने पातळ असतानाच बाहेर घालवायचा. नंतर आतल्या खोलीपासून दाराकडे स्वच्छ पाण्याचा फवारा. स्विचबोर्डाच्या डब्या, दाराच्या चौकटीमागची फट, मोरीचा सापळा, कपाटाच्या तळाची पोकळी, या जागा राहिल्या की महिनाभर वास जात नाही.

एवढं झालं की घर दिसायला स्वच्छ होतं. सुरुवातीची वर्षं आम्ही इथेच बिल करून निघत होतो. मग दिवाळीनंतर त्याच घरांतून तक्रारी येऊ लागल्या: रंगाचे पोपडे, कपाटामागे काळी बुरशी, भिंतीतून पांढरा लोणा. चूक आमचीच होती. जमिनीवरचं पाणी आम्ही काढलं, भिंतीतलं तसंच ठेवलं.

भिंतीत किती पाणी असतं? बारा फूट लांबीची नऊ इंची विटांची भिंत तीन फुटांपर्यंत भिजली, तर तेवढ्या भागात सुमारे दोनशे लिटर पाणी मावतं. म्हणजे एका भिंतीत एक भरलेला बॅरल. आणि बारा बाय बाराच्या खोलीतली सगळी हवा पावसाळी दिवसात जेमतेम लिटरभर वाफ धरून असते. त्यामुळे नुसता पंखा लावून काही होत नाही. पंखा भिंतीतली ओल हवेत आणतो, हवा भरली की काम थांबतं. ती हवा बदलली पाहिजे, नाहीतर तिच्यातलं पाणी काढून घेतलं पाहिजे.

म्हणून आता मशीन लावण्याआधी भिंत मोकळी करतो. प्लॅस्टिक पेंट आणि पुट्टी म्हणजे भिंतीवर चढवलेला रेनकोट. पाण्याच्या रेघेच्या वर फूट-दीड फुटापर्यंत ते खरवडून काढतो, कारण ओल विटांतून वर चढलेली असते. प्लास्टरवर हातोडीच्या दांड्याने ठोकून बघतो, जिथे पोकळ वाजतं तिथलं पाडतो. पहिल्या दोन दिवसांत हे व्हायला हवं, बुरशी २४ ते ४८ तासांत धरायला लागते. मग ब्लोअर भिंतीला तिरका लावायचा, समोरून नाही, म्हणजे हवा भिंतीला घासत जाते. पाऊस चालू असेल तर दारं-खिडक्या बंद ठेवून डीह्युमिडिफायर, म्हणजे हवेतली ओल ओढून बादलीत काढणारं मशीन. ऊन पडलं तर उलट: मशीन बंद, अकरा ते पाच सगळं सताड उघडं, आणि दिवस मावळण्याआधी परत बंद, कारण रात्रीची हवा पुन्हा दमट होते. खिडकी उघडी ठेवून डीह्युमिडिफायर चालवणारे बरेच आहेत. ते अख्ख्या गल्लीची हवा सुकवत बसतात.

मशीनवर ‘दिवसाला ५० लिटर’ लिहिलेलं असतं, पण ते ३० अंश आणि ८० टक्के आर्द्रतेचं माप. खोली सुकत गेली की तेच मशीन निम्म्यावर येतं, ते बिघडलेलं नसतं. रोज सकाळी बादलीतलं पाणी मोजून वहीत लिहितो. पहिल्या दिवशी वीस लिटर, आठव्या दिवशी चार, असा आकडा उतरत गेला तर काम बरोबर चाललंय. अचानक शून्य झाला तर बहुधा फिल्टर गाळाच्या धुळीने चोंदलेला असतो. पुरानंतर वीज टिकत नाही, तेव्हा ५ केव्हीएच्या जनरेटरवर दोन डीह्युमिडिफायर आणि चार ब्लोअर चालतात. सगळी एकदम चालू करायची नाहीत, एकामागून एक.

ओल संपली का, हे हाताने कळत नाही. भिंत वरून कोरडी लागते आणि आत ओली असते. मॉइश्चर मीटरची एक नोंद आम्ही कायम न भिजलेल्या भिंतीवर घेतो आणि भिजलेली भिंत तिच्याशी ताडतो. लाकडाला पंधरा टक्क्यांच्या आत आल्याशिवाय हात लावत नाही. मीटर नसेल तर घरच्या घरी करता येण्यासारखं आहे: हातभर प्लॅस्टिकचा कागद भिंतीवर ठेवून चारही कडा चिकटपट्टीने बंद करा. सकाळी आतल्या बाजूला दव दिसलं किंवा खालची भिंत गडद झाली, तर ओल बाकी आहे.

फरशीखालचं पाणी सगळ्यात जास्त फसवतं. शहाबादी असो की व्हिट्रिफाईड, खाली वाळू नाहीतर मुरमाचा भराव असतो आणि तो स्पंजासारखा भरतो. टाचेने दाबल्यावर सांध्यातून काळं पाणी वर आलं की कोपऱ्यातली एक फरशी उचलतो, खड्डा करून व्हॅक्युमचा पाईप आत सोडतो. रोज थोडं थोडं पाणी तिथे जमत राहतं. कधी पंधरा दिवस लागतात.

लाकडाचं एकच सांगणं. सागवानी दार फुगून अडकलं की लोक लगेच सुताराला बोलावून रंधा मारून घेतात. उन्हाळ्यात तेच दार आकसतं आणि बोटभर फट पडते. दार बिजागरीतून काढून सावलीत सपाट ठेवा, महिना-दोन महिने. पार्टिकल बोर्डाच्या किचन ट्रॉल्या मात्र काही तासांत फुगतात आणि परत येत नाहीत, त्यांच्यावर मशीनचं भाडं खर्च करू नका. सातबारा, मार्कशीट, खरेदीखत एकमेकांना चिकटले असतील तर ओढू नका. प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून ज्या शेजाऱ्याकडे वीज आहे त्याच्या फ्रीजरमध्ये ठेवा. बुरशी थांबते आणि सवडीने एकेक पान सोडवता येतं.

जुनी माळवदाची, म्हणजे लाकडी तुळयांवर मातीचं सपाट छत असलेली, घरं आम्ही वेगळी धरतो. पांढऱ्या मातीची भिंत पायाशी भिजली की तिची ताकद जाते, आणि वर माळवदाची माती पाणी पिऊन जड झालेली असते. पाऊस उघडला, ऊन पडलं, माणसं घरात परतली, आणि मग भिंत बसली, असं होतं. तिथे मशीन नाही, ब्लोअर नाही. जोराच्या वाऱ्याने वरचा थर आवळून सुटतो. आधी तुळयांना टेकू, भिंतीच्या पायाजवळचं पाणी चर काढून लांब, आणि भिंत सावकाश वाळेपर्यंत आत झोपायचं नाही. घरातल्या म्हाताऱ्या माणसांना हे पटवणं अवघड जातं, पण पटवल्याशिवाय आम्ही टेकू लावून निघत नाही.

वायरिंगसाठी इलेक्ट्रिशियन आमच्यासोबतच असतो. भिंतीतल्या पाईपमध्ये पाणी साचून राहतं, म्हणून भिजलेले स्विच आणि सॉकेट बदलायचे, मग ५०० व्होल्टच्या मेगरवर, म्हणजे वायरचं इन्सुलेशन तपासायच्या मीटरवर, एक मेगाओमच्या वर आलं तरच लाईन सुरू. फ्रीज, वॉशिंग मशीन, मोटार तपासल्याशिवाय लावून बघायचं नाही.

हौदात पुराचं पाणी गेलं असेल तर घासून गाळ काढा, भरा, १,००० लिटरला १५० ग्रॅम ताजी ब्लीचिंग पावडर टाका, नळ उघडून वास येईपर्यंत पाईपमध्येही ते पाणी घ्या आणि बारा तास ठेवून सगळं सोडून द्या. फरशीला लिटरला १५ ग्रॅम पुरते, पण गाळ धुतल्यानंतरच. चिखलावर ब्लीचिंग वाया जाते. संडासाचं ॲसिड आणि ब्लीचिंग एकत्र कधीच करू नका, विषारी वायू निघतो.

राहिला दिवाळीचा प्रश्न. पूर ऑगस्ट-सप्टेंबरचा, दिवाळी महिना-दीड महिन्यावर, पाठोपाठ तुळशीचं लग्न आणि घरात कार्य. रंग द्यायचाच असतो. पण वीट साधारण इंचाला महिना या हिशोबाने सुकते. नऊ इंची भिंत दोन्ही बाजूंनी मोकळी असली तरी चार-साडेचार महिने, एका बाजूला शेजाऱ्याची भिंत असेल तर दुप्पट. म्हणून आम्ही दिवाळीला चुन्याची सफेदी करून देतो. कळीचा चुना दोन-तीन दिवस भिजवून फडक्यातून गाळून घेतलेला, पातळ दोन हात. भिंतीतली वाफ त्यातून बाहेर पडत राहते. डिस्टेंपर किंवा प्लॅस्टिक पेंटचं काम फेब्रुवारी-मार्चनंतर घेतो, आणि तेव्हाही आधी मीटर लावून बघतो.