तुम्ही विचारलंत म्हणून: ‘बिल’ कोणाचं?

“वुडहाउसचा विषय निघाला की जीव्ह्ज सोडून तुम्ही ‘बिल’ या गाण्यावरच का येता?” इतक्या जणांनी विचारलंय की एकदा लिहूनच टाकते. वुडहाउस म्हणजे इंग्रज विनोदी लेखक, आणि जीव्ह्ज हा त्याच्या कथांमधला हुशार नोकर.

मला न्यूयॉर्कच्या प्रिन्सेस थिएटरच्या २९९ खुर्च्यांसाठी गाणी लिहिणारा वुडहाउस जास्त जवळचा वाटतो. गाय बोल्टनबरोबर संहिता, जेरोम कर्नच्या चाली. १९१७ च्या ‘ओ, बॉय!’ या त्यांच्या संगीत नाटकाचे ४६३ प्रयोग झाले. चाल आधी आणि शब्द मागून, हीच पद्धत त्याला आवडायची. “म्हणजे चालीवर शब्द बसवायचे, एवढंच ना?” हो, एवढंच. सूर जिथे लांबतो तिथे गळा मोकळा राहील असा शब्द शोधत एक रात्र बसून बघा.

हे आज म्हणते. बारा वर्षांपूर्वी मीच याला शिंपीकाम म्हणत होते. तेव्हा एका नाटककार मित्राच्या हौशी संगीत नाटकासाठी, त्याने पेटीवर ऐकवलेल्या चालीवर, मी एक पद लिहिलं. तीन रात्री लागल्या. “नाव टाकू ना?” त्याने विचारलं. “एका पदासाठी कशाला?” मी म्हणाले. हे आधी सांगायलाच हवं.

बक्षीस समारंभात परीक्षकांनी माइकवरून त्याच पदातली एक ओळ म्हणून दाखवली. म्हणाले, “असं लिहायला नाटककारच लागतो.” टाळ्या पडल्या. मित्र माझ्यापासून दोन खुर्च्या सोडून बसला होता. उठला, नमस्कार केला, प्रमाणपत्र घेतलं. परत येताना त्याने माझ्याकडे पाहिलं नाही. घरी आईने विचारलं, “कसा झाला गं कार्यक्रम?” “छान,” म्हणाले आणि स्वयंपाकघरात दिवा न लावता उभी राहिले.

‘बिल’ १९१८ च्या एका नाटकासाठी लिहिलं गेलं आणि त्यातून गाळलं गेलं. माझा माणूस अगदी साधा, तरी का आवडतो ते सांगता येत नाही, असं म्हणणाऱ्या बाईचं ते गाणं. १९२७ मध्ये ते ‘शो बोट’ या संगीत नाटकात आलं आणि गाजलं. बाकीची गाणी ऑस्कर हॅमरस्टाइनची, त्यामुळे कार्यक्रमपत्रिकेत वुडहाउसचं नाव असूनही लोक हेही हॅमरस्टाइनचंच समजत. १९४६ मध्ये ते नाटक पुन्हा रंगभूमीवर आलं, तेव्हा हॅमरस्टाइनने पत्रिकेत आपणहून छापलं: हे गाणं वुडहाउसचं आहे, दुसऱ्याच्या वाट्याची स्तुती मला मिळत आली आहे. हे वाचलं तेव्हा मी रडले.

पण हॅमरस्टाइननेही त्या गाण्यात थोडे फेरफार केले होते. माझ्या अंतऱ्यातल्या दोन ओळी मित्राने तालमीत बदलल्या होत्या. परीक्षकांनी म्हटलेली ओळ त्या दोनांतलीच होती. माझ्या ओळीपेक्षा ती चांगली आहे. तरी तिच्या आधीच्या सहा ओळी माझ्या आहेत, आणि त्यांच्याशिवाय ती तिथे आलीच नसती. हे मी त्याला आजवर बोललेले नाही.

गेल्या महिन्यात त्याने नवी चाल पाठवली आहे. मुखडा झालाय. नावाचं अजून काही कळवलेलं नाही.